बंगाली मूकपट आणि रंगभूमी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बंगाली सिनेमा म्हटलं की आपली गाडी सत्यजित राय यांच्यापाशी सुरू होते. फार मागे गेलीच तर न्यू थिएटर्स ही चित्रसंस्था, तिथले गायक-नट सैगल आणि नट-दिग्दर्शक बरुआ यांच्यापर्यंत पोचते. त्याच्याही मागे तीस-पस्तीस वर्षांचा मूकपटांचा काळ आहे, आणि त्याची मुळं थेट कलकत्त्याच्या नाटकघरांत आहेत. त्याबद्दल मराठी रसिकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. शहराचं नाव त्या काळी होतं तसंच, म्हणजे कलकत्ता, ठेवलं आहे.

नाटक शब्दांवर जगतं आणि मूकपटाला तर आवाजच नाही. मग दोघांचं नातं कसलं?

पहिलं नातं जागेचं. मग माणसांचं, मग गोष्टींचं. अभिनयाचं नातं सर्वांत शेवटी येतं, आणि गंमत म्हणजे चर्चा बहुतेक वेळा त्याचीच होते.

1898 साली स्टीव्हन्सन नावाच्या एका साहेबाने कलकत्त्याच्या स्टार थिएटरात हलती चित्रं दाखवली. स्वतंत्र खेळ म्हणून नव्हे, रंगमंचावरच्या कार्यक्रमाला जोड म्हणून. तेव्हाच्या कलकत्त्यात नाटकाची रात्र लांबलचक असे. मोठं नाटक, त्यानंतर प्रहसन किंवा गीतनाट्य, मधे नाच. शनिवारच्या खेळाचे प्रेक्षक पहाटे घरी जाणं यात नवल नव्हतं. त्या भरगच्च कार्यक्रमात बायोस्कोपला आणखी एक जागा मिळाली. प्रेक्षक आधीच खुर्चीवर बसलेला, तिकिटाचे पैसे आधीच गल्ल्यात. नव्या यंत्राला याहून सोयीचं घर कुठलं मिळणार?

कलकत्त्याची रंगभूमी तेव्हा खरंच एवढी मोठी होती का?

होती, आणि आपल्यापेक्षा वेगळ्या बांधणीची होती. सांगलीत विष्णुदास भाव्यांनी 1843 साली खेळ केला तो राजाश्रयाने. पुढे मराठी नाटक मंडळ्या बिऱ्हाड पाठीवर घेऊन गावोगाव फिरल्या. बंगालीत श्रीमंतांच्या वाड्यांत हौशी नाटकं होत होतीच, पण 7 डिसेंबर 1872 रोजी नॅशनल थिएटरने दीनबंधू मित्रांचं ‘नीलदर्पण’ तिकीट लावून केलं आणि तिथून धंदेवाईक रंगभूमी सुरू झाली. निळीच्या मळेवाल्यांच्या जुलमावरचं हे नाटक. चारच वर्षांत, 1876 साली, सरकारला नाटकांवर बंदी घालण्याचा कायदा करावा लागला, यावरून या मंचाची धार कळावी.

यानंतर उत्तर कलकत्त्यात, मुख्यतः बीडन स्ट्रीट आणि कॉर्नवॉलिस स्ट्रीटच्या परिसरात, पक्की नाटकघरं उभी राहिली. स्टार, एमेराल्ड, मिनर्व्हा, क्लासिक. कंपनी फिरत नाही, प्रेक्षक येतो. म्हणजे कायमची इमारत, कायमचा पडदा, आठवड्याचे ठरलेले वार आणि वर्तमानपत्रातल्या जाहिराती. या जगाचा राजा गिरीशचंद्र घोष (1844–1912). नट, नाटककार, तालीममास्तर, व्यवस्थापक, सगळं तेच.

मला हा फरक फार महत्त्वाचा वाटतो. बायोस्कोपला नंतर जे जे लागलं, ते बहुतेक सगळं या दोन-तीन रस्त्यांवर आधीपासून होतं.

हीरालाल सेन कोण?

बंगाली सिनेमाची गोष्ट याच माणसापासून सुरू होते. जन्म 1866, आजच्या बांगलादेशातल्या माणिकगंज भागातल्या बगजुरी गावचा. घरचं बरं होतं आणि छायाचित्रणाचा जबर नाद होता. स्टार थिएटरातले स्टीव्हन्सनचे खेळ पाहिल्यावर त्यांनी त्याच्याच कॅमेऱ्याने तिथल्या ‘फ्लॉवर ऑफ पर्शिया’ या रंगमंचीय कार्यक्रमातली दृश्यं टिपली. मग विलायतेहून स्वतःचं यंत्र मागवलं आणि भाऊ मोतीलाल यांच्यासोबत 1898 मध्येच रॉयल बायोस्कोप कंपनी काढली.

पुढची जोडी जमली ती क्लासिक थिएटरच्या अमरेंद्रनाथ दत्त यांच्याशी. अमरेंद्रनाथ हे जबरदस्त खटाटोपी गृहस्थ. 1897 साली त्यांनी क्लासिक सुरू केलं. प्रेक्षक खेचायला पुस्तकं भेट देणं, स्वतःची नियतकालिकं काढणं, असले उद्योग ते करत. बायोस्कोपची किंमत अशा माणसाला कळली नसती तरच आश्चर्य. 1901 पासून हीरालालांनी क्लासिकच्या गाजलेल्या नाटकांतले प्रवेश चित्रित केले, आणि ते क्लासिकमध्येच, नाटकांच्या जोडीने दाखवले गेले.

नाटकांची यादी नीट पाहण्यासारखी आहे. ‘भ्रमर’ म्हणजे बंकिमचंद्रांच्या ‘कृष्णकांतेर विल’ या कादंबरीचं नाट्यरूप. ‘सीताराम’ही बंकिमचंद्रांचंच. ‘सरला’ हे तारकनाथ गंगोपाध्यायांच्या ‘स्वर्णलता’ कादंबरीवरून आलेलं. ‘बुद्ध’, ‘दोललीला’ ही भक्तिरसाची. आणि ‘हरिराज’ हा चक्क हॅम्लेटचा बंगाली अवतार. विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर कलकत्त्यात हॅम्लेटचे तुकडे मुक्याने पडद्यावर हलत होते, हे आपल्या सिनेमाच्या इतिहासात फारसं कुणी सांगत नाही.

हीरालाल नाटकांपुरते थांबले नाहीत. जवाकुसुम केशतेल आणि बटकृष्ण पाल यांचं हिवतापावरचं औषध यांच्या जाहिराती त्यांनी चित्रित केल्या. वंगभंगाविरुद्ध 22 सप्टेंबर 1905 रोजी टाउन हॉलवर जी प्रचंड सभा झाली तीही त्यांच्या कॅमेऱ्याने टिपली. ती फीत स्वदेशी म्हणून जाहिरात करून दाखवली गेली. जमीनदारांच्या घरी आणि वीज नसलेल्या गावांतही ते खेळ करत. तिथे चुनखडीच्या कांडीवर ज्योत सोडून मिळणाऱ्या प्रखर प्रकाशावर यंत्र चालवावं लागे, आणि त्यासाठीचा वायू पिशव्यांत भरून न्यावा लागे. नाटकघराच्या उबेत सुरुवात झाली खरी, पण या माणसाची चाल त्याबाहेरची होती.

मग भारतातला पहिला कथाचित्रपट फाळक्यांचा की हीरालाल सेन यांचा?

हा प्रश्न बंगाली माणसासमोर काढाल तर संध्याकाळची सोय झाली म्हणून समजा.

दावा असा की हीरालालांनी 1903 साली ‘अलीबाबा’ हे क्षीरोदप्रसाद विद्याविनोदांचं नाटक अख्खं चित्रित केलं. हे नाटक 1897 मध्ये क्लासिकमध्ये आलं आणि तुफान चाललं. कुसुमकुमारीची मर्जिना आणि नृपेंद्रचंद्र बसूंचा अब्दल्ला, यांच्या नाचगाण्यावर कलकत्ता फिदा होतं. त्यामुळे ते चित्रित करावंसं वाटणं अगदी स्वाभाविक. पण फीत आज अस्तित्वात नाही, त्यामुळे ती किती लांब होती आणि सलग गोष्ट सांगत होती की निवडक प्रवेश दाखवत होती, याचा निकाल लावता येत नाही.

माझं मत विचाराल तर ही स्पर्धाच चुकीची आहे. फाळक्यांनी 1913 साली ‘राजा हरिश्चंद्र’ केला तो कॅमेऱ्यासाठी म्हणून रचलेला, दृश्यांत विभागलेला, फक्त पडद्यावरच जगणारा. हीरालालांनी केलं ते रंगमंचावर आधीच गाजत असलेल्या खेळाचं चित्रण. दोन्ही कामं अवघड, दोन्ही अपूर्व, पण एक नव्हेत. हीरालालांची तुलना करायचीच तर आपल्या सावे दादांशी, म्हणजे 1899 साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित करणाऱ्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांशी करावी. दोघांनीही परदेशी यंत्र हाती घेऊन समोरचं जग टिपलं. हीरालालांच्या समोरच्या जगात नाटक होतं, एवढाच फरक.

हीरालाल यांच्या फिती गेल्या कुठे?

जळाल्या. भावाशी फाटलं, धंदा बसला, 1913 च्या सुमारास रॉयल बायोस्कोप मिटली. कर्करोगाने गाठलं. 1917 च्या ऑक्टोबरमध्ये मोतीलाल यांच्याकडे ठेवलेला फितींचा साठा आगीत खाक झाला आणि त्याच सुमारास, काही दिवसांतच, हीरालालही गेले. नायट्रेटची फीत ती, एकदा पेटली की विझत नाही.

बंगाली सिनेमात मादन हे पारशी नाव सतत कसं काय येतं?

कारण पैसा त्यांचा होता. जमशेटजी फ्रामजी मादन हे मुंबईचे पारशी, तिथल्या नाटकांत वावरलेले, मग कलकत्त्यात व्यापारात जम बसवलेले. त्यांनी कोरिंथियन हे नाटकघर घेतलं, एल्फिन्स्टन नाटक मंडळी घेतली आणि 1902 साली कलकत्त्याच्या मैदानावर तंबू ठोकून बायोस्कोपचे खेळ सुरू केले. 1907 मध्ये एल्फिन्स्टन पिक्चर पॅलेस हे पक्कं चित्रपटगृह उभं राहिलं. 1919 साली मादन थिएटर्स लिमिटेड झाली आणि विसाच्या दशकात ती हिंदुस्थान, ब्रह्मदेश आणि सिलोनमध्ये चित्रपटगृहांची साखळी असलेली सर्वांत बलाढ्य कंपनी बनली. चित्रपट काढणार तीच, परदेशातून आणणार तीच, दाखवणारही तीच. 1927–28 मध्ये सिनेमाच्या चौकशीसाठी सरकारने नेमलेल्या रंगाचारियार समितीने देशभर साक्षी घेतल्या तेव्हा मादन यांच्या मक्तेदारीची तक्रार हा एक मोठा विषय होता.

इथे एक गाठ सोडवून घ्यावी लागते. पारशी थिएटर आणि बंगाली थिएटर ही कलकत्त्यात शेजारी राहणारी, पण वेगळी घराणी. पारशी कंपन्यांची नाटकं उर्दू-हिंदीत, भपकेबाज, चमत्कारांच्या यंत्रांनी भरलेली. बंगाली नाटकांचा प्रेक्षक मुख्यतः भद्रलोक, म्हणजे शिकलेला पांढरपेशा बंगाली, आणि त्याला साहित्याचा गर्व. मादन यांनी भांडवल आणि कारखानदारी पहिल्या घराण्यातून आणली आणि गोष्टी दुसऱ्या घराण्यातून उचलल्या. बंगाली मूकपटाची चव या सरमिसळीची आहे.

‘बिल्वमंगल’ला पहिला बंगाली चित्रपट का म्हणतात?

8 नोव्हेंबर 1919 रोजी तो कलकत्त्याच्या कॉर्नवॉलिस थिएटरात लागला. लांबीने पूर्ण कथाचित्रपट, बंगाली प्रेक्षकांसाठी काढलेला, म्हणून मान त्याचा. त्याआधी 1917 साली मादन यांनी ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ केला होता. फाळक्यांच्या यशाची ती सरळ सरळ कलकत्ता आवृत्ती.

बिल्वमंगलची कथा आपल्याकडेही ठाऊक आहे, कधी सूरदासाच्या नावाने. चिंतामणी नावाच्या गणिकेसाठी वेडा झालेला तरुण वादळी रात्री नदीत उडी घेतो, लाकडाचा ओंडका समजून प्रेताला धरून पार होतो, दोर समजून साप धरून भिंत चढतो. ती त्याला म्हणते, एवढी ओढ देवाची लागली असती तर. गिरीशचंद्रांनी यावर 1880 च्या दशकात ‘बिल्वमंगल ठाकूर’ हे नाटक लिहिलं आणि ते अनेक वर्षं रंगभूमीवर चाललं.

आता यातली मौज बघा. हा पहिला बंगाली चित्रपट. त्याचे दिग्दर्शक रुस्तमजी धोतीवाला पारशी, पटकथा लिहिणारे चांपशी उदेशी गुजराती, नायिका पारशी रंगभूमीवरची मिस गोहर, मालक मादन. बंगाली असं काय होतं? नाटकाने घराघरांत पोचवलेली कथा आणि समोर बसलेला प्रेक्षक. मूकपटात एवढं पुरत होतं.

फाळक्यांना तारामतीसाठी पुरुष उभा करावा लागला. बंगालमध्ये नायिका सहज मिळाल्या का?

सहज म्हणता येणार नाही, पण वाट चाळीस वर्षं आधी पडली होती आणि ती पाडली नाटकाने.

1873 साली बंगाल थिएटरने ठरवलं की स्त्रीभूमिका स्त्रियाच करतील. सल्ला कवी-नाटककार मायकेल मधुसूदन दत्तांचा. या निर्णयावरून ईश्वरचंद्र विद्यासागर थिएटरच्या समितीतून बाहेर पडले. विधवांच्या पुनर्विवाहासाठी सगळ्या समाजाशी झुंजलेला माणूस, पण हे त्यांना पटलं नाही. कारण या स्त्रिया येणार होत्या वेश्यावस्तीतून, दुसरीकडून येणं शक्यच नव्हतं. 16 ऑगस्ट 1873 रोजी मधुसूदनांच्याच ‘शर्मिष्ठा’ने पडदा उघडला. मधुसूदन तोवर वारले होते. गोलाप, एलोकेशी, जगत्तारिणी आणि श्यामा या चौघींनी त्या मंचावर पाऊल ठेवलं. आपल्याकडे बालगंधर्वांचा जन्म व्हायला अजून पंधरा वर्षं होती.

यातूनच नटी बिनोदिनी आली. गिरीशचंद्रांची शिष्या, ‘चैतन्यलीला’त चैतन्य साकारणारी. 1884 साली तिचं काम रामकृष्ण परमहंसांनी पाहिलं आणि तिला आशीर्वाद दिला. तिच्यावर जीव असलेल्या एका धनिकाच्या पैशाने नवं थिएटर उभं राहायचं होतं. तिला शब्द दिला होता की त्याला तिचं नाव मिळेल. 1883 साली थिएटर उघडलं तेव्हा पाटीवर ‘स्टार’ होतं. गणिकेचं नाव पाटीवर कसं लावायचं, ही अडचण तिच्याच सहकाऱ्यांची. तीन वर्षांत तिने रंगभूमी सोडली आणि पुढे ‘आमार कथा’ हे आत्मचरित्र लिहून सगळं मांडलं. हातीबागानमधल्या आजच्या स्टारला, जी बिनोदिनीची मूळ इमारत नव्हे, तिचं नाव देण्याची घोषणा व्हायला 2024 साल उजाडावं लागलं.

मूकपटाच्या काळात रंगभूमीवरच्या या स्त्रिया कॅमेऱ्यासमोरही आल्या. कुसुमकुमारीचं नाव वर आलंच. पण मादन यांनी दुसरी वाटही धरली, अँग्लो-इंडियन मुलींची. पेशन्स कूपर नाचगाण्याच्या इंग्रजी कंपनीतून आली आणि पौराणिक चित्रपटांची लाडकी नायिका झाली. ‘नल दमयंती’तली दमयंती तीच. रेनी स्मिथची सीतादेवी झाली, आयरिस गॅस्परची सविता देवी झाली. पडदा मुका असल्यामुळे बंगाली उच्चाराची अडचण नव्हती. भद्रलोक घरातली मुलगी पडद्यावर येणार नाही, नाटकातल्या बाईला भद्रलोक नाकं मुरडणार, मग मधली सोय म्हणून ही गोरटी सावित्री-दमयंती. सोय म्हणून ठीक, पण यात कोणाचीच अब्रू वाढत नाही, असं मला वाटतं.

आपल्याकडचं चित्रही पूर्ण सांगायला हवं. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती साळुंके यांनी केली हे खरं, पण त्याच 1913 साली ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी उभ्या राहिल्या. त्याही नाटकातूनच आलेल्या.

आणखी एक नाव. 1926 सालच्या मादन यांच्या ‘जयदेव’मध्ये एका गरीब घरातल्या लहान मुलीने काम केलं. ती कानन बाला, पुढची कानन देवी.

त्या चित्रपटांतला अभिनय फार नाटकी असायचा का?

सरसकट तसं म्हणू नये. बंगाली रंगभूमी याच काळात स्वतः बदलत होती. तो बदल घडवणारे शिशिरकुमार भादुडी हे इंग्रजीचे प्राध्यापक. नोकरी सोडून 1921 च्या डिसेंबरात ते मादन यांच्याच बंगाली नाटक कंपनीत ‘आलमगीर’ घेऊन उभे राहिले, तेही ‘बिल्वमंगल’ जिथे लागला त्या कॉर्नवॉलिसमध्ये. जुन्या पद्धतीच्या गर्जनेऐवजी विचार करून बोलणारा नट लोकांनी पहिल्यांदा पाहिला. मादन यांच्याशी पटेना, ते बाहेर पडले आणि नरेश मित्र यांच्यासह ताजमहाल फिल्म कंपनीच्या कामात उतरले. 1922 साली शरच्चंद्रांच्या कथेवरचा ‘आंधारे आलो’ आला, त्यात शिशिरकुमार नायक. मामा वरेरकरांमुळे शरदबाबू मराठी वाचकाला घरचेच. त्यांना पडद्यावर प्रथम आणलं ते या नाटकवाल्यांनी, बरुआंच्या ‘देवदास’च्या तेरा वर्षं आधी. नरेश मित्रांनी तर मूक ‘देवदास’ही केला.

शिशिरकुमारांचे बंधू मुरारी यांना रवींद्रनाथांनी 1929 साली एक पत्र लिहिलं. त्यातलं म्हणणं थोडक्यात असं : चित्रपटाचं मर्म म्हणजे दृश्यांचा प्रवाह, आणि तो शब्दांच्या आधाराविना स्वतःच्या बळावर बोलला पाहिजे. आज मात्र तो साहित्याची चाकरी करतो आहे. मूकपट संपत आला असताना लिहिलेलं हे पत्र नाटकवाल्याच्या भावाला उद्देशून आहे, हे मला सूचक वाटतं.

पौराणिक सोडून दुसरं काही निघतच नव्हतं का?

निघत होतं. धीरेंद्रनाथ गांगुली, सगळ्यांचे डी. जी., हे चित्रकार. निजामाच्या हैदराबादेत कलाशिक्षक होते. स्वतःच्याच चेहऱ्याची नाना सोंगं काढून त्यांनी 1915 साली छायाचित्रांचं एक पुस्तक प्रसिद्ध केलं. मादन यांच्याकडचे नीतीशचंद्र लाहिरी आणि ते एकत्र आले, इंडो-ब्रिटिश फिल्म कंपनी निघाली आणि 1921 साली भवानीपूरच्या रसा थिएटरात ‘बिलात फेरत’ लागला. विलायतेहून परतलेला बाबू आणि त्याचं साहेबी खूळ. त्यात देव नाही, राक्षस नाही, फक्त समोरचा कलकत्ता.

याचंही मूळ नाटकातच आहे. साहेबी बाबूची टर उडवणारी प्रहसनं मधुसूदन आणि दीनबंधूंपासून बंगाली मंचावर चालत आली होती. डी. जी. यांनी ते सोंग रस्त्यावर आणलं.

पुढे त्यांनी हैदराबादेत लोटस फिल्म कंपनी काढली, चित्रपटगृहं चालवली. 1924 साली ‘रझिया बेगम’ दाखवला तेव्हा निजामाची खप्पामर्जी झाली आणि हैदराबाद सोडावं लागलं. कलकत्त्यात परत येऊन 1929 मध्ये ब्रिटिश डोमिनियन फिल्म्स काढली. देवकी बोस आणि प्रमथेश बरुआ इथूनच पुढे आले. 1975 चा दादासाहेब फाळके पुरस्कार डी. जी. यांना मिळाला.

या चित्रपटांच्या गोष्टी कुठून यायच्या?

पुराणं, बंकिमचंद्र, शरच्चंद्र, रवींद्रनाथ. पण सरळ पुस्तकातून क्वचित. ‘कपालकुंडला’, ‘विषवृक्ष’, ‘कृष्णकांतेर विल’ या बंकिमचंद्रांच्या कादंबऱ्या पडद्यावर येण्याआधी रंगमंचावर येऊन गेल्या होत्या. कुठला प्रवेश टाळी घेतो हे नाटकवाल्यांनी आधीच पारखून ठेवलेलं होतं. चित्रपटवाल्याने तो तयार माल उचलला.

रवींद्रनाथांच्या ‘मानभंजन’ या कथेचं मात्र वेगळं. गिरिबाला ही श्रीमंताची देखणी, दुर्लक्षित बायको. नवरा गोपीनाथ थिएटरातल्या लवंग नावाच्या नटीच्या नादी लागलेला. कुतूहलाने गिरिबाला चोरून नाटक बघायला जाते आणि त्या प्रकाशाने, टाळ्यांनी भारून जाते. पुढे गोपीनाथ त्या नटीला घेऊन पळतो, थिएटरवाले तिच्या जागी नवी नटी उभी करतात, आणि एके रात्री प्रेक्षकांत बसलेल्या गोपीनाथला दिसतं की मंचावर उभी आहे ती आपली बायको. तो आरडाओरडा करतो, पोलीस त्याला बाहेर काढतात, नाटक चालू राहतं.

1923 साली नरेश मित्रांनी यावर मूकपट केला आणि 1930 च्या सुमारास मादन यांच्यासाठी मधू बोस यांनी ‘गिरिबाला’ केला. नाटकघराविषयीची कथा, नाटकातल्या माणसांनी केलेली आणि पडद्यावर मुकी. गिरिबाला मंचावर काय बोलली हे प्रेक्षकाला ऐकू येणार नाही, फक्त तिचा चेहरा आणि नवऱ्याचा चेहरा. कुठली एक हरवलेली बंगाली फीत परत मिळावी असं विचारलं, तर ‘अलीबाबा’ सोडून मी ‘मानभंजन’ मागेन.

पडदा मुका म्हणजे चित्रपटगृहात शांतता असायची का?

छे. वाद्यवृंद पडद्यासमोर बसलेला. पेटी-तबल्यापासून साहेबांच्या थिएटरातल्या पियानोपर्यंत ऐपतीप्रमाणे सगळं. मधल्या मजकुराच्या पाट्या अनेक भाषांत लावल्या जात आणि ज्याला वाचता येई तो न येणाऱ्याला मोठ्याने वाचून दाखवी. 1931 साली इंटरनॅशनल फिल्मक्राफ्टच्या ‘चोरकांटा’ आणि ‘चाषार मेये’ या अखेरच्या मूकपटांना साथ द्यायला वाद्यवृंद घेऊन बसले होते पुढचे नामवंत संगीतकार रायचंद बोराल आणि पंकज मल्लिक.

चित्रपटाने नाटकवाल्यांचं पोट मारलं का?

मूकपटाच्या काळात तरी तसं दिसत नाही. वाहतूक दोन्ही बाजूंनी चालू होती. अहींद्र चौधुरी आधी मित्रांसोबत फोटो प्ले सिंडिकेट काढून मूकपटात आले आणि मग 1923 साली स्टारमधल्या ‘कर्णार्जुन’मध्ये अर्जुन करून रंगभूमीचे मोठे नट झाले. दुर्गादास बंद्योपाध्याय कलाशाळेत शिकलेले. त्यांनी पडदा आणि मंच दोन्ही गाजवले. दिवसा उन्हात चित्रीकरण, कारण स्टुडिओ सूर्यावर चालत, आणि रात्री नाटक, असं वेळापत्रक जमून जाई.

बोलपट आल्यावर काय झालं?

मुंबईत ‘आलम आरा’ 14 मार्च 1931 रोजी आला आणि महिन्याच्या आत, 11 एप्रिलला, मादन यांचा ‘जामाई षष्ठी’ हा छोटा बंगाली बोलपट कलकत्त्यात लागला. नाटकातले संवाद, गाणी, आवाजाचे नट, सगळ्यांना एकदम भाव आला. अँग्लो-इंडियन नायिकांपैकी बऱ्याचजणी मागे पडल्या. मादन यांचा डोलाराही थोड्या वर्षांत कोसळला. बी. एन. सरकार यांची न्यू थिएटर्स पुढे आली. 1932 मध्ये तिथेच खुद्द रवींद्रनाथांनी ‘नटीर पूजा’ हे आपलं नाटक चित्रित केलं, जवळजवळ मंचावर होतं तसंच. साहित्याच्या चाकरीविरुद्ध लिहून तीन वर्षं झाली होती.

यातलं आज काय पाहायला मिळतं?

फार थोडं. ‘बिल्वमंगल’चा एक तुकडा फ्रान्सच्या सिनेमाथेक फ्रान्सेजमध्ये जपलेला निघाला. मूळ बारा हजार फूट, उरले ते सहाशे मीटरच्या आत-बाहेर. त्याची डिजिटल प्रत 2016 मध्ये पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आली. म्हणजे पहिल्या बंगाली कथाचित्रपटाचं उरलेलं अंग आपल्या लॉ कॉलेज रोडवर आहे.

सलग पाहता येईल असा बंगाली मूकपट म्हणजे 1931 चा ‘जामाईबाबू’, कालीपद दास यांचा. गावाकडचा जावई कलकत्त्यात सासरी येतो आणि शहरभर गोंधळ घालत हिंडतो, इतकीच गोष्ट. अभिनय बेताचा, विनोद बाळबोध. पण रस्ते, व्हिक्टोरिया मेमोरियल आणि जुना तरता हावडा पूल दिसतो तो खराखुरा, नव्या पुलाच्या आधीचा. आधी हा पाहा, मग ‘मानभंजन’ वाचा, आणि ‘बिल्वमंगल’चा तुकडा कधी एखाद्या महोत्सवात लागला तर चुकवू नका.